हातानं करायचं काय उरलंय, असं बाबा विचारतात

ताई,
मी लालबागची. वय २३. बाबा आणि काका गणपतीच्या मूर्ती करतात, कारखाना आजोबांपासूनचा. शिल्पकलेची पदवी यंदा पूर्ण केली. दोन वर्षं घरीच जखमा, भाजलेली कातडी, म्हातारे हात असं काहीबाही करून बघतेय. मला सिनेमात प्रॅक्टिकल इफेक्ट्सचं, म्हणजे कॅमेऱ्यासमोर खरोखर घडवून दाखवायच्या करामतींचं काम करायचं आहे. तुम्ही हेच काम करता म्हणून तुम्हाला विचारतेय. समोर तीन वाटा आहेत. मालाडच्या एका व्हीएफएक्स (कॉम्प्युटरवर सिनेमाची दृश्यं घडवणाऱ्या) स्टुडिओत रोटोस्कोपीची, म्हणजे फ्रेममधल्या माणसांची कड कापून वेगळी करायची नोकरी मिळतेय, पगार ठरलेला. एक प्रोस्थेटिक कलाकार, म्हणजे सिलिकॉनची खोटी कातडी, अवयव करून नटांना लावणारे, मदतनीस म्हणून ये म्हणतात, पण पहिले सहा महिने पैसे नाहीत. आणि परदेशातला एक वर्षाचा कोर्स आहे, त्यासाठी राहती खोली गहाण ठेवावी लागेल. बाबा म्हणतात, सगळं कॉम्प्युटरवर होतंय, हातानं करायचं काय उरलंय? आईला रात्रीच्या शिफ्टची भीती वाटते. बाबांचं चुकतंय का? मी काय करू?
– मूर्तिकाराची मुलगी

प्रिय मुली,

पत्रासोबतचा फोटो मी आधी पाहिला, पत्र नंतर वाचलं. म्हाताऱ्या बाईचा हात. पेरांवर कातडी सैल पडून जिथं दुमडते, तिथं तू थांबून निरखलंयस हे दिसतं. बोटावर वर्षानुवर्षं अंगठी घालून पडलेला खळगा केलास, अंगठी मात्र ठेवली नाहीस. तो खळगा मला फार आवडला. पण मनगटाशी, जिथं सिलिकॉन संपतं आणि तुझी कातडी सुरू होते, तिथं दोरा बांधल्यासारखी रेघ दिसतेय. तिच्याकडे शेवटी येते.

आधी सरळ उत्तर. खोली गहाण ठेवू नकोस. कोर्स वाईट नसतात. तिथं वर्षभर नीट साहित्य मिळतं, चुका करायला मोकळीक मिळते, चांगले हात जवळून बघायला मिळतात. पण या धंद्यात पहिली काही वर्षं पैसे थेंबाथेंबानं येतात आणि कर्जाचा हप्ता दर महिन्याच्या ठरल्या तारखेला येतो. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं सोंग आणता येत नाही. डोक्यावर हप्ता असला की माणूस मिळेल ते काम घेतं, घाईत करतं, आणि सुरुवातीला नेमकी तीच घाई नडते. दोन-तीन वर्षं इथं काम कर, दाखवण्यासारखं काही हातात येऊ दे, मग शिष्यवृत्ती शोधून जा. तेव्हा काय शिकायचं राहिलंय हे तुला ठाऊक असेल आणि एका वर्षात त्याचं सोनं होईल.

रोटोच्या नोकरीला मी नाक मुरडणार नाही. घरात पैशाची खरोखर नड असेल तर घे, पण वर्षभरासाठी. एकेका फ्रेममध्ये माणसाची कड कापत बसलीस की केसांची, कपड्याची, हलत्या हाताची कड कशी दिसते हे डोळ्यांत मुरेल, आणि कडेचं काम आपल्यालाही आहेच. संध्याकाळी तिथल्याच कुणाकडून कॉम्प्युटरवर शिल्प करायला शीक, कारण आता चेहऱ्याचं स्कॅन करून त्याची थ्रीडी प्रत छापून घेणं आपल्या कामातही रुळलंय. मात्र त्या नोकरीत सुरक्षितता आहे म्हणून जाऊ नकोस. रोटोचं काम यंत्रं झपाट्यानं शिकताहेत.

माझं मत मधल्या वाटेला आहे, पण त्यांनी ठेवलेल्या अटींवर नाही. त्याविषयी पुढे लिहिते. आधी बाबांचा प्रश्न, कारण तो मला तुझ्या तिन्ही वाटांपेक्षा मोठा वाटतो.

बाबांचं अर्ध बरोबर आहे. इमारत कोसळणं, हजारोंचं सैन्य, आकाशातली लढाई हे सगळं आता कॉम्प्युटरकडे गेलंय. गोळी लागल्यावर उडणारं रक्तसुद्धा बऱ्याचदा नंतर घातलं जातं, कारण शर्ट बदलून पुन्हा टेक घ्यायला वेळ लागतो. वाघ, सिंह, अस्वल, माकड यांच्याकडून कामं करून घ्यायला कायद्यानंच बंदी आहे, त्यामुळे तेही बहुतेक कॉम्प्युटरवरच तयार होतात.

उरतं ते नटाच्या हाताला, डोळ्याला, श्वासाला लागणारं काम. आईच्या कुशीत दिलेलं तासाभराचं बाळ सिलिकॉनचं असतं, आणि त्याचं वजन, मानेचा लोंबता भार खरा नसेल तर नटीचा हात खोटं बोलतो. गरोदर पोट, शवागारातलं प्रेत, ऐंशी वर्षांची झालेली पस्तिशीची नटी, कापलेला अंगठा, देवीचे व्रण, खिडकीतून पडताना फुटणारी काच, घरात शिरणारा पाऊस. मी एकदा एका अनुभवी नटाला मुलाच्या प्रेताची आमची डमी दाखवायला नेली. त्यांनी चादर बाजूला केली आणि बराच वेळ काही बोलले नाहीत. नंतर शॉटमध्ये त्यांनी संहितेत नसलेली एक गोष्ट केली: त्या मुलाच्या पायाच्या बोटांमधली माती अंगठ्यानं पुसली. ती माती मी आदल्या रात्री लावली होती, कॅमेऱ्यात दिसेल न दिसेल म्हणून. नंतर कॉम्प्युटरवर चित्र भरायचं म्हणून हिरव्या कापडात गुंडाळलेल्या उशीसमोर असं सुचत नाही. बाबांना हे वाचून दाखव.

आणि हेही सांग की आपल्याकडे या कामाची सुरुवात तुमच्यासारख्या हातानं घडवणाऱ्यांनीच केली. दादासाहेब फाळके जे. जे. मध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकले, जादूचे प्रयोग शिकले, आणि १९१२ मध्ये कुंडीतल्या वाटाण्याला कोंब फुटून वेल वाढताना रोज थोडंथोडं चित्रण करून पैसे लावणाऱ्यांना दाखवलं. पुढच्या वर्षी पहिला चित्रपट आला. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर चित्रं काढत, मूर्ती घडवत, कॅमेराही स्वतः जुळवत. १९२० मध्ये त्यांनी भीमाकडून केलेला कीचकवध पडद्यावर इतका खरा वाटला की सेन्सॉरनं तो कापायला लावला. सुरतहून मुंबईत आलेल्या बाबूभाई मिस्त्रींनी १९३७ मध्ये अदृश्य माणसाच्या एका सिनेमात काळ्या पार्श्वभूमीवर काळ्या दोऱ्यानं वस्तू हलवल्या. लोकांनी त्यांचं नावच ‘काला धागा’ पाडलं. पडदा, माती आणि दोरा. बाबांना यातलं काय परकं वाटेल?

आता तुझ्याकडे काय आहे आणि काय नाही, हे बघू.

साचा तुला उपजत येतो. कुठं दोन तुकडे करायचे, कुठं तीन, कुठली खोबण अडकेल आणि मूर्ती साच्यात फाटेल, हे बाहेरून येणाऱ्या मुलांना शिकवताना माझं वर्ष जातं. तुला तारखेची किंमत कळते. चतुर्थी कुणासाठी पुढे जात नाही, तसा नटाच्या तारखांचा दिवसही जात नाही. चतुर्थीच्या आदल्या रात्री तुमच्या कारखान्यात जे वातावरण असतं, तेच शूटिंगच्या आदल्या रात्री माझ्याकडे असतं. आणि एक गोष्ट तू पत्रात लिहिलीच नाहीस: हलते देखावे. तुमच्या भागात ते करणारं कुणीतरी असणारच. जुन्या मोटरला लाकडी चकती लावून, चकतीचा उंचवटा दांडीला ढकलेल असं करून राक्षसाची मान वळवतात, पापणी मिटवतात. परदेशात ज्याला ॲनिमॅट्रॉनिक्स म्हणतात त्याचा हा सख्खा भाऊ. त्या काकांकडे महिनाभर जा, चकती कातायला शीक. मग लॅमिंग्टन रोडवरून चार छोट्या सर्वो मोटरी (सांगू तेवढ्याच वळणाऱ्या) आण आणि एक डोळा हलवून दाखव. उजवी-डावीकडे बघणारा, आणि मधूनच पापणी मिटणारा. पापणीचं मिटणं जमलं की बघणारा मान पुढे काढतो.

नाही काय? पहिली गोष्ट रंग. मूर्तीवर रंग वरून बसतो आणि तिथं तो तसाच शोभतो. कातडीचा रंग आतून येतो. स्वतःचा तळहात खिडकीशी धरून बघ: खाली लाल ठिपके, त्यावर निळसर शिरा, पिवळट सावली, आणि त्या सगळ्यावरून दुधाच्या सायीसारखा अर्धपारदर्शक थर. म्हणून सिलिकॉनमध्येच थोडा रंग आणि बारीक लोकरी धागे मिसळायचे, मग ब्रशचे केस आखूड कापून रंग शिंपडत जायचा. एक थर लाल, एक हिरवट, एक तपकिरी, सगळे पाण्यासारखे पातळ. तुझ्या हातावर तू एकच गव्हाळ रंग सारखा फिरवलायस. त्यानं हात नीटनेटका झालाय पण त्यात रक्त नाही.

दुसरी गोष्ट साहित्याची भांडणं. २००४ च्या सुमाराला मी एका नटाच्या पूर्ण चेहऱ्याचं शिल्प तेलाच्या मातीत केलं. आठ दिवस लागले. साचा घेतला, प्लॅटिनम जातीचं सिलिकॉन ओतलं, सकाळी उघडलं तर गूळ पाघळल्यासारखं सगळं चिकट. मला वाटलं प्रमाण चुकलं. पुन्हा ओतलं, पुन्हा तेच. तिसऱ्या वेळी कळलं की त्या मातीत गंधक होतं आणि साच्यात राहिलेल्या त्याच्या अंशानं सिलिकॉन घट्ट व्हायचं नाकारलं. आठ दिवसांचं शिल्प साचा काढताना मोडलंच होतं. गंधक नसलेली माती मागून घे, आणि सिलिकॉन हाताळताना लेटेक्सचे हातमोजे वापरू नकोस, त्यानंही तेच होतं. नायट्राइलचे वापर. आणि नवीन काहीही हाती आलं की आधी चहाच्या कपाएवढा नमुना ओतून बघ. ही सवय मला तीन साचे आणि एक काम गमावून लागली.

तिसरी गोष्ट मुंबईची हवा. १९७४ मध्ये अमेरिकेत एका बेटाजवळ शार्कच्या सिनेमाचं शूटिंग झालं. यांत्रिक मासा गोड्या पाण्यात तपासला होता, समुद्रात उतरवल्यावर खाऱ्या पाण्यानं त्याची यंत्रणा बिघडवली. दिग्दर्शकाला मासा न दाखवता शॉट घ्यावे लागले. आपला समुद्र म्हणजे घाम. मे महिन्यात फिल्म सिटीत दुपारी दोन वाजता, वर शेड नाही, नटाच्या कपाळावर तू सकाळी सहाला चिकटवलेला पॅच आहे. घामाला बाहेर जायला वाट नसते. तो सिलिकॉनच्या मागे साठतो, एक थेंब कानाशी येतो आणि त्याच्या मागून अख्खी कड सुटते. जिलेटिनची जखम असेल तर ती उन्हात सरळ वितळते. परदेशातले व्हिडिओ बघून शिकणाऱ्यांना हे कुणी सांगत नाही, कारण तिथं घामाचा प्रश्न इतका मोठा नसतो. आधी कातडी स्पिरिटनं पुसून कोरडी करणं, घाम रोखणारं द्रव्य लावणं, गोंद दोन्ही बाजूंना लावून पारदर्शक होईपर्यंत थांबणं, तोंडाजवळचा आणि हनुवटीजवळचा तुकडा वेगळा ठेवणं म्हणजे जेवल्यावर तेवढाच बदलता येतो. हे सगळं इथं, या हवेत शिकायचंय.

पावसाळ्यात तर साखरेची काचसुद्धा ऐकत नाही. मढच्या एका बंगल्यात जूनमध्ये मी पाकाची खिडकी करून लावली. शॉट दुपारचा होता, तो संध्याकाळवर गेला. हवेतली ओल पिऊन काच मऊ पडली. फाइट मास्टरनं ॲक्शन दिली, मुलानं खांदा घातला, आणि काच फुटण्याऐवजी पोळीसारखी वाकून त्याच्या अंगावर लोंबली. शंभर माणसं गप्प उभी होती. चूक माझीच होती. आता पावसाळ्यात मी रेझिनची काच वापरते आणि एकाच्या जागी तीन घेऊन जाते.

आता एक गोष्ट खडसावून सांगते, कारण तू पीओपीच्या घरात वाढलीस आणि घरच्या गोष्टीची भीती जाते. कुणाच्याही कातडीवर, स्वतःच्यासुद्धा, जाड पीओपी थेट ओतायचं नाही. हात पीओपीच्या बादलीत बुडवायचा नाही. घट्ट होताना ते तापतं आणि हात आत अडकतो. २००७ मध्ये इंग्लंडमधल्या एका शाळेत कलेच्या तासाला एका मुलीनं असेच हात घातले, तिची बहुतेक बोटं गेली. चेहऱ्याचा ठसा आल्जिनेटनं घ्यायचा, दातांचे डॉक्टर वापरतात तेच, आणि वरून प्लास्टर बँडेजच्या पातळ पट्ट्या. नाकपुड्या मोकळ्या ठेवायला एक माणूस फक्त त्याच कामासाठी. नळ्या घालायच्या नाहीत. समोरच्याशी सतत बोलत राहायचं, त्यानं हात वर केला की एक क्षण न थांबता सगळं काढायचं, शूटिंग गेलं उडत. कोणताही गोंद लावण्याआधी आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला थेंबभर लावून बघायचा. फोम किंवा फायबर करताना साधा कापडी मास्क चालत नाही, वाफ अडवणाऱ्या डब्यांचा मास्क हवा. माझ्या बरोबरीचे दोघं आज जिना चढताना थांबतात. बारुदाच्या कामाला हात लावू नकोस, कुणी कितीही ‘छोटा है, लगा दो’ म्हणालं तरी. त्याला परवाना लागतो आणि तो काढलेली माणसं वेगळी असतात.

आईच्या भीतीचं उत्तर मी तिला लिहिते आहे असं समज. वहिनी, तुमची भीती खरी आहे. मी सुरुवात केली तेव्हा या शहरात बाईला युनियनचं मेकअपचं कार्डच मिळत नसे. बाईनं केस करायचे, चेहरा पुरुषानं. मी कित्येक वर्षं हेअरड्रेसरच्या कार्डावर प्रोस्थेटिक लावले, आणि तपासणीला माणसं आली की हातातला ब्रश टाकून कंगवा धरला. १० नोव्हेंबर २०१४ ला सर्वोच्च न्यायालयानं ही बंदी मोडून काढली. त्या संध्याकाळी मी घरी येऊन आधी आंघोळ केली आणि मग रडले. तेव्हापासून फरक पडलाय. नट्या आता स्वतःहून विचारतात की पोट लावायला, छातीवरचा व्रण लावायला बाई आहे का. तुमच्या मुलीला काम मिळण्याचं ते एक मोठं कारण ठरेल.

रात्रीच्या शिफ्टबद्दल मुलीला सांगते: पहिल्या फोनवरच विचारायचं, पॅकअप रात्रीचा असेल तर घरापर्यंत गाडी आहे का. दारापर्यंत, स्टेशनपर्यंत नव्हे. संकोच वाटला तर माझं नाव पुढे कर, आमच्या ताईंनी विचारायला सांगितलंय म्हण. कुणी त्रास दिला तर २०१३ चा कायदा सेटवरही लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं काम करत असतील तिथं तक्रार समिती असायलाच हवी, कमी असतील तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जाता येतं. नवं काम घेताना समितीत कोण आहे हे विचारलं की समोरचा लगेच जरा सरळ बसतो.

आता ते सहा महिने फुकट. त्या कलाकाराचं नाव तू मला लिहिलंस, ते इथं छापत नाही. त्यांचा हात चांगला आहे, त्यांच्याकडे शिकण्यासारखं पुष्कळ आहे. पण सहा महिने कुणाचीही पोर रोज लालबागहून अंधेरीला स्वतःच्या पैशानं जात नाही. त्यांना सांग: एक महिना मी फक्त शिकायला येते, भांडी धुईन, साचे साफ करीन. दुसऱ्या महिन्यापासून जाण्या-येण्याचा खर्च आणि सेटवरच्या दिवसाचे पैसे द्या. तुमच्या कारखान्यातलं काम आणि सेटवरचं काम वेगळं धरा. चांगला माणूस हे मान्य करतो. मान्य नसेल तर दुसरीकडे विचार, या शहरात ती एकच खोली नाही. आणि तिथं गेलीस की सगळ्यांत आधी कडा चिकटवायला मागू नकोस. साचे धुवायला माग. साचे धुताना कळतं की त्यांनी तुकडे कुठं पाडले.

स्वतःचं काम घ्यायला लागलीस की एक नियम पाळ, मी तो फार उशिरा पाळला. साहित्य स्वतःच्या पैशानं आणायचं नाही. निम्मी रक्कम आधी, मगच सिलिकॉन. माझी एका निर्मितीकडची रक्कम दोन वर्षं अडकली, सिनेमा येऊन गेला, माझं म्हातारं करून दिलेलं पात्र होर्डिंगवर झळकलं आणि मी दुकानदाराची उधारी फेडत होते. उद्यम नोंदणी करून ठेव, ती फुकट होते. लहान उद्योगाचे पैसे लेखी करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यावे लागतात, करार नसेल तर १५. उशीर झाला तर तक्रार करायला सरकारी पोर्टल आहे. प्रत्यक्षात तीन-तीन महिने थांबवणारे आजही आहेत, पण बिलावर नोंदणी क्रमांक दिसला की लेखापाल तुझी फाइल अगदी तळाला ठेवत नाही.

आणि कारखाना सोडू नकोस. हे मी भावनेपोटी म्हणत नाही. पावसाळ्यात बाहेरचं शूटिंग मंदावतं, आणि नेमकं तेव्हाच तुमच्याकडे श्वास घ्यायला उसंत नसते. दिवाळीनंतर शूटिंगला भर येतो, तेव्हा तुमचा कारखाना रिकामा. दोन धंद्यांचे हंगाम एकमेकांत इतके नीट बसतात की बाबांना हे एका कागदावर बारा महिने मांडून दाखव. पावसाळा सोडून उरलेल्या दिवसांत कारखान्याचा एक कोपरा माग, भाड्यानं, हिशोबात. मुंबईत साचे ठेवायला जागा मिळणं हे काम मिळण्यापेक्षा अवघड आहे, तुझ्याकडे ती आहे.

सिनेमा नाही चालला तर, हे तू विचारलं नाहीस पण बाबांच्या मनात असणार. हेच हात नाटकाला लागतात, जाहिरातींना लागतात, संग्रहालयांना लागतात. आणि ज्यांचा कान जळून गेलाय, बोट तुटलंय, त्यांना सिलिकॉनचं बोट, कान करून द्यायला लागतात. त्याचं रीतसर शिक्षण वेगळं आहे, पण हाजी अलीला भौतिक पुनर्वसनाची जी केंद्रीय संस्था आहे तिथं कृत्रिम अवयवांचा विभाग एकदा बघून ये. मी एका मुलाला तर्जनी करून दिली होती. सेटवर आपण पुढचे चार सेकंद डोळ्यासमोर ठेवून काम करतो. त्या मुलानं ते बोट लावून आधी मोबाइल उचलला, मग खिशात हात घातला, मग पुन्हा बाहेर काढून बघितलं.

बाबांची परवानगी मागू नकोस, वेळ माग. एका रविवारी त्यांना समोर बसव आणि डोळ्यांची आखणी शिकव म्हण. तुला येत असली तरी. ते मूर्तीला नजर देतात, आणि आपल्या कामात नजर नटाची असते, तिच्या आड यायचं नसतं. पापणीच्या किती जवळ जायचं आणि कुठं थांबायचं, हे मला एका मूर्तिकारानंच दाखवलं होतं, पेणला, १९९८ मध्ये.

आता ती मनगटावरची रेघ. शिल्प करतानाच कड शून्यावर आण. मातीचा थर बोटाला लागू नये इतका पातळ होत गेला पाहिजे, आणि त्याच्या बाहेर चर खण, म्हणजे साचा दाबला की जास्तीचं सिलिकॉन चरात उतरेल आणि साच्याचे दोन्ही भाग नेमके त्या कडेवर टेकतील. कड सरळ ठेवू नकोस. तुझ्या मनगटावर दोन वळ्या आहेत, त्यातल्या खालच्या वळीत ती लपव आणि वाकडीतिकडी ने. सरळ रेघ शरीरावर कुठंच नसते, म्हणून ती डोळ्याला खुपते.

नवा हात झाला की ट्यूबलाइटखाली फोटो काढू नकोस. सकाळी खिडकीशी काढ, फिल्टर न लावता. मग तो हात तसाच घालून चार तास घरात काम कर, कणीक सोडून काहीही चालेल, आणि पुन्हा फोटो काढ. दोन्ही पाठव. आणि तो हात कुणाचा आहे तेही लिही, अंगठी कुणी काढली होती.

– ताई